पॉपकॉर्न सीलिंगला रंग देताना

अमेरिकेत १९६० ते १९८० च्या दरम्यान बांधलेल्या घरात शिरून मान वर केली की बऱ्याचदा पॉपकॉर्न सीलिंग दिसतं. शिजवलेला साबुदाणा छताला थापून वाळवावा तसा दाणेदार, खरखरीत थर. न्यू जर्सीतलं आमचं घर १९७४ सालचं. आधीच्या मालकांनी १९८० च्या दशकात मागच्या बाजूला फॅमिली रूम वाढवली आणि तिलाही तसंच छत करून घेतलं. आम्ही राहायला आलो तेव्हा ते मुळात पांढरं असावं, असा फक्त अंदाज बांधता येत होता. फायरप्लेसच्या वरचा भाग राखी झालेला, पंख्याभोवती धुळीचं काळपट कडं, आणि बाहेरच्या भिंतीलगत तपकिरी कडांचे दोन मोठे डाग.

घरी येणाऱ्या प्रत्येकाचा सल्ला एकच: खरवडून टाका. सध्या इथे गुळगुळीत छताची चलती आहे आणि घर विकणारे एजंट पॉपकॉर्न दिसलं की नाक मुरडतात. मला मात्र पहिल्यापासून वाटत होतं की हे छत आहे तिथे राहू द्यावं आणि रंगवावं. काम पुरं झाल्यावर ते मत अधिकच पक्कं झालं. का, ते सांगायचं तर हे छत मुळात कशाचं बनलेलं असतं तिथून सुरुवात करावी लागेल.

इथली घरं लाकडी सांगाड्याची. छताला ४ फूट रुंदीचे ड्रायवॉलचे, म्हणजे कागदात बसवलेल्या जिप्समचे, तक्ते ठोकतात. दोन तक्त्यांमध्ये सांधा राहतो. त्या सांध्यावर कागदी पट्टी, पट्टीवर जॉइंट कंपाउंडचे, म्हणजे सांधे भरायच्या लुकणाचे, साधारण तीन हात, प्रत्येक हातानंतर वाळायची वाट बघणं आणि पॉलिश पेपरने घासणं, एवढं सगळं मन लावून केलं तरच छत सपाट दिसतं. भिंतीवर खपून जाणारा उंचसखलपणा छतावर खिडकीतून तिरपा उजेड आला की लगेच उघडा पडतो. घरांच्या वसाहतीच्या वसाहती झपाट्याने उभ्या राहत होत्या त्या काळात बिल्डरांना यावर सोपा उपाय मिळाला. स्टार्चसारख्या पाण्यात विरघळणाऱ्या चिकट द्रव्यात व्हर्मिक्युलाइट नावाच्या खनिजाचे किंवा पॉलिस्टायरीनचे, म्हणजे थर्माकोलचे, बारीक दाणे कालवायचे आणि ते मिश्रण पंपाने छतावर फवारायचं. सांधे झाकले गेले, घासायची मजुरी वाचली, वर खोलीतला आवाजही थोडा कमी घुमू लागला. म्हणून त्याला अकूस्टिक सीलिंग असंही म्हणतात.

यातलं ‘पाण्यात विरघळणाऱ्या’ एवढं लक्षात ठेवा. पुढचं सगळं काम त्याभोवतीच फिरतं.

पण त्याच्याही आधी एक गोष्ट येते, आणि ती टाळून कुणीही अशा छताला हात लावू नये असं मी अगदी कळकळीने सांगेन. ती म्हणजे ॲसबेस्टॉसची तपासणी. या फवाऱ्यात बळकटीसाठी आणि आगीपासून संरक्षण म्हणून ॲसबेस्टॉसचे तंतू मिसळत असत. अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेने, म्हणजे ईपीएने, १९७३ मध्ये अग्निरोधक आणि उष्णतारोधक म्हणून ॲसबेस्टॉस फवारण्यावर बंदी घातली. शोभेच्या फवाऱ्यावरची बंदी यायला १९७८ उजाडलं. उरलेला माल त्यानंतरही वापरला गेला, त्यामुळे १९८० च्या दशकाच्या सुरुवातीच्या घरांबाबतही खात्री करून घ्यायला सांगतात. व्हर्मिक्युलाइटचीही एक गोष्ट आहे. अमेरिकेत विकलं जाणारं बहुतांश व्हर्मिक्युलाइट अनेक दशकं माँटाना राज्यातल्या लिबी गावच्या एकाच खाणीतून येत होतं आणि त्या खाणीतल्या खनिजातच नैसर्गिक ॲसबेस्टॉस मिसळलेलं होतं. ती खाण १९९० मध्ये बंद झाली. लिबीची माणसं आजही त्याची किंमत मोजताहेत.

ॲसबेस्टॉसचे तंतू डोळ्यांना दिसत नाहीत, त्यांना वास येत नाही, घसा खवखवत नाही. श्वासावाटे फुफ्फुसात गेले की तिथेच राहतात आणि आजार वर यायला वीस, तीस, चाळीस वर्षं लागू शकतात. थर जागच्या जागी अखंड असला तर धोका फार कमी. खरवडलं, छिद्रं पाडली, कोरडं घासलं की मात्र ते तंतू हवेत जातात. छतावरच्या थराकडे नुसतं बघून त्यात ॲसबेस्टॉस आहे की नाही हे कुणालाही सांगता येत नाही, पन्नास वर्षं धंद्यात असलेल्या माणसालाही नाही. ते प्रयोगशाळेतल्या सूक्ष्मदर्शकाखालीच कळतं.

नमुने मी स्वतः घेतले. खोलीतलं हीटिंग-कूलिंग बंद, जमिनीवर प्लास्टिक, तोंडावर फिल्टरवाला रेस्पिरेटर, हातमोजे. स्प्रेच्या बाटलीत पाणी आणि भांडी घासायच्या साबणाचे दोन-चार थेंब. छताची तळहाताएवढी जागा नीट भिजवायची, पाणी मुरू द्यायचं आणि मग जुन्या चमच्याने थर तळापर्यंत अलगद उचलून झिपच्या पिशवीत घ्यायचा. पिशवीवर जागा लिहायची, ती दुसऱ्या पिशवीत घालायची, चमचा ओल्या कागदात गुंडाळून टाकून द्यायचा. फवारलेलं मिश्रण सगळीकडे सारखं नसतं, म्हणून एकाच जागेवरच्या चिमटीवर भरवसा ठेवू नये. शाळांसाठी १९८६ मध्ये झालेल्या ॲसबेस्टॉसच्या कायद्यानुसार १००० चौरस फुटांपर्यंतच्या एकसारख्या थराचे निदान तीन नमुने घ्यावे लागतात. घराला तो कायदा लागू नाही, पण हिशोब शहाणपणाचा आहे, म्हणून मी तोच पाळला. फॅमिली रूमचे तीन आणि वरच्या मजल्यावरच्या पॅसेजचे तीन. घराची पडताळणी करायची तर दोन वेगवेगळ्या काळातली छतं वेगवेगळी तपासायला हवीत, हे उघडच होतं.

अहवाल ईमेलने आला. फॅमिली रूमच्या तिन्ही नमुन्यांत ॲसबेस्टॉस नव्हतं, दाणे पॉलिस्टायरीनचे निघाले. पॅसेजच्या नमुन्यांत ३ टक्के क्रिसोटाइल, म्हणजे ॲसबेस्टॉसचाच एक प्रकार. १ टक्क्याच्या वर असेल तर सरकारी नियमांत तो माल ‘ॲसबेस्टॉसयुक्त’ धरतात. मुलांच्या दोन्ही खोल्यांची दारं त्या पॅसेजमध्ये उघडतात. अहवाल वाचल्यावर मी बराच वेळ त्या छताकडे बघत उभी राहिले. नंतर टॉर्च घेऊन कोपरान् कोपरा पाहिला. कुठे भेग नाही, पोपडा नाही, ओल नाही. तेवढं पाहिल्यावर जिवाला जरा बरं वाटलं.

इथे थोडं विषयांतर करते. माझं लहानपण कराडला गेलं. आमच्या मागच्या पडवीवर सिमेंटचे पत्रे होते. सगळे त्यांना सिमेंटचेच पत्रे म्हणत, पण ती ॲसबेस्टॉस आणि सिमेंटची पन्हळी होती. पत्रा बसवायचा तर करवतीने कापायचा, पिठासारखी पांढरी धूळ उडायची आणि आम्ही पोरं तिथेच खेळत असायचो. अमेरिकेने २०२४ मध्ये क्रिसोटाइलची आयात आणि वापर बंद करण्याचा नियम केला. भारतात ॲसबेस्टॉस अजूनही बाहेरून येतं आणि त्याचे पत्रे अजूनही बनतात. गावाकडे कुणाच्या घरी जुना पत्रा काढायचा असेल तर कापू नका, फोडू नका, आधी पाणी मारून ओला करा आणि मुलांना लांब पाठवा, एवढं मी आता फोनवर आवर्जून सांगते.

तर पॅसेज बाजूला ठेवला आणि फॅमिली रूम घेतली. तिथे खरवडायला कायद्याची किंवा आरोग्याची अडचण उरली नव्हती. तरीही खरवडलं नाही. कारण पॉपकॉर्न निघालं की खाली तेच कच्चे सांधे दिसतात, जे झाकण्यासाठी ते फवारलं होतं. म्हणजे खरवडणं ही नुसती सुरुवात, त्यापुढे संपूर्ण छताला कंपाउंड, घासणं, पुन्हा कंपाउंड, पुन्हा घासणं, आणि शेवटी रंग द्यायचाच असतो. गुळगुळीत छताची ज्यांना खरोखर आवड आहे त्यांनी जरूर करावं. आम्हाला स्वच्छ पांढरं छत हवं होतं, ते रंगाने मिळणार होतं.

डागांचं मूळ आधी शोधलं. बाहेरच्या भिंतीलगतचे डाग म्हटलं की इथे संशय ‘आइस डॅम’वर जातो. हिवाळ्यात छपरावर बर्फ साचतो. माळ्यावर इन्सुलेशन, म्हणजे ऊब अडवणारा थर, अपुरा असेल तर घरातली ऊब वर जाते, छपराच्या मधल्या भागातला बर्फ वितळतो, पाणी ओघळत वळचणीला येतं आणि तिथल्या गारठ्यात पुन्हा गोठतं. बर्फाचा बांध तयार होतो. मागे तुंबलेलं पाणी मग शिंगल्सच्या, म्हणजे छपरावरच्या कौलांसारख्या चपट्या तुकड्यांच्या, खालून आत शिरतं आणि ड्रायवॉलवर उतरतं. आमचंही तसंच निघालं. माळ्यावर इन्सुलेशन वाढवून घेतलं, वळचणीच्या झरोक्यांसमोरचा अडथळा काढला, एक पूर्ण हिवाळा जाऊ दिला. डाग वाढला नाही, हाताला कोरडा लागला, तेव्हाच रंगाचं साहित्य आणलं. गळती चालू असताना रंग देणं म्हणजे पैसे आणि कष्ट दोन्ही पाण्यात.

नंतर ती पाण्याची परीक्षा. कोपऱ्यातल्या कपाटातल्या छतावर ओलं बोट टेकवलं. कधीतरी रंग दिलेला असेल तर थेंब वर तरंगतो, दाणे कडक राहतात. आमच्याकडे पाणी क्षणात आत शोषलं गेलं आणि दाणे बोटाखाली मऊ होऊन पांढरा लगदा बोटाला लागला. म्हणजे या छताला इतक्या वर्षांत कधीच रंग लागलेला नव्हता. अशा कोऱ्या पॉपकॉर्नवर थेट पाण्यातला रंग, म्हणजे इथला नेहमीचा लेटेक्स, रोलरने फिरवला तर रंगातलं पाणी खालचा चिकटपणा सोडवतं आणि थराचे लचके रोलरला चिकटून खाली येतात. यावर दोन उपाय. एक, यंत्राने फवारणी, ज्यात छताला कशाचा स्पर्शच होत नाही. दुसरा, पहिला हात तेलातल्या प्रायमरचा द्यायचा. त्याने दाणे भिजत नाहीत, उलट वाळल्यावर जागच्या जागी बांधले जातात. एकदा ते कवच तयार झालं की वरून पाण्यातला रंग बिनधोक. फवारणीत रंगाचं धुकं सगळीकडे बसतं आणि भरल्या घरात झाकाझाकच इतकी करावी लागते की एका खोलीसाठी मला ते परवडण्यासारखं वाटलं नाही. मी तेल निवडलं.

तयारीला रंगवण्यापेक्षा जास्त वेळ गेला. सोफे हलले, जे हलेनात ते मधोमध आणून गुंडाळले. भिंतींना वरून खालपर्यंत पातळ प्लास्टिक, जमिनीवर जाड कॅनव्हास, कारण प्लास्टिकवर पाय घसरतो आणि आपलं लक्ष वर असतं. ब्रेकर बंद करून पंख्याची पाती काढली, वरची वाटी सैल करून खाली सोडली आणि उरलेला पंखा पिशवीत बांधला. स्मोक अलार्म काढून ठेवला. त्याच्यावर ‘रंगवू नका’ असं छापलेलंच असतं, कारण रंगाने त्याच्या फटी बुजल्या की तो धूर ओळखत नाही. धूळ झाडताना जपावं लागतं. झाडू चालत नाही. व्हॅक्यूमला मऊ ब्रशचं तोंड लावून, ते छताला जेमतेम टेकेल इतपत वर धरून फिरवलं. पंख्याभोवतीचं काळं कडं त्यातच निम्मं गेलं. डागाजवळ थोडे पोपडे सुटले होते तिथे पट्टीने सुटं तेवढं काढलं, ड्रायवॉल कोरडं असल्याची खात्री केली, आणि स्प्रेच्या डब्यात मिळणारं तयार टेक्सचर मारून वाळू दिलं. पुठ्ठ्यावर मारून हात बसवल्याशिवाय ते छतावर मारू नये, डबा जवळ धरला तर दाण्यांचा ढीग होतो.

या सगळ्यात मला सगळ्यात उपयोगी पडली ती भिंतीकडेची रेघ. पॉपकॉर्न भिंतीला जिथे मिळतं तिथे कड वेडीवाकडी असते, टेप बसत नाही, ब्रश अडखळतो. बारीक स्क्रू ड्रायव्हरचं चपटं टोक भिंतीला टेकवून कडेने हलकेच ओढत नेलं की पाव इंचाची रिकामी पट्टी तयार होते. खालून ती दिसत नाही. पण ब्रशला सरळ वाट मिळते आणि रंग झाल्यावर छताची कड दोरी धरल्यासारखी येते. ही युक्ती फक्त ॲसबेस्टॉस नसलेल्या छतासाठी, हे पुन्हा सांगते.

तेलातल्या प्रायमरच्या दिवशी मुलांना मैत्रिणीकडे पाठवलं. त्याच्या वाफा नाकाला झोंबतात आणि पेटही घेतात. पाणी तापवायच्या गॅसच्या टाकीत सतत जळत असते ती छोटी पायलट ज्योत विझवली, खिडक्या उघडल्या, एका खिडकीत पंखा बाहेरच्या बाजूला तोंड करून लावला. धुळीसाठी वापरतो तो एन-९५ मास्क वाफ अडवत नाही, त्यासाठी रेस्पिरेटरला सेंद्रिय वाफा शोषणाऱ्या फिल्टरच्या वेगळ्या डब्या लावाव्या लागतात. डागांवर आधी शेलॅकच्या, म्हणजे लाखेच्या, प्रायमरचा हात ब्रशने टेकवत टेकवत दिला. पाण्याचा डाग साध्या रंगातून पुन्हा वर येतो, कितीही हात दिले तरी. शेलॅक तो आतच कोंडतं. तपकिरी कडेच्या चार बोटं बाहेरपर्यंत ते न्यायचं.

माझे सासरे त्या उन्हाळ्यात साताऱ्याहून आलेले होते. त्यांनी आयुष्यभर वाड्याला दिवाळीआधी चुना दिलेला, चुना भिजत घालून, गाळून, त्यात नीळ आणि डिंक कालवून. शिडी मी त्यांना चढू दिली नाही, पण टॉर्च त्यांच्या हातात दिला. उजेड छताला जवळजवळ समांतर पाडला की कुठे लागलं आणि कुठे राहिलं ते लख्ख दिसतं.

रोलरचं कव्हर सव्वा इंच लवेचं घेतलं होतं. नेहमीची आखूड लव फक्त दाण्यांच्या टोकांना लागते, मधल्या खळग्यांत पोचत नाही. नव्या कव्हरचे सुटे धागे टेप लावून काढून टाकले. प्रायमर भरपूर घ्यायचा, पण ट्रेच्या उतारावर एकदा फिरवून टपटपणं थांबवायचं. मग छताला टेकवून तीन-चार फूट एकाच दिशेने सरळ न्यायचं, उचलायचं, शेजारची पट्टी घ्यायची. दाब नाही. मागे-पुढे घासणं नाही. भिंत रंगवताना हाताला जी सवय असते, वर-खाली, वर-खाली, ती इथे पूर्ण सोडावी लागते. रोलर नीट भरलेला असला की ओलसर, चिकट असा एकसंध आवाज येतो. तो कोरडा, करकरीत झाला की समजायचं प्रायमर संपला, आता ओढलं तर दाणे निघतील. नंतर नंतर मी डोळ्यांपेक्षा कानांवरच जास्त विसंबले.

“अगं, तिथे पंख्याजवळ राहिलंय बघ,” बाबा खालून म्हणाले. टॉर्चच्या उजेडात तळहाताएवढा पिवळट तुकडा स्पष्ट दिसत होता.

“राहू दे बाबा, दुसऱ्या हाताला घेऊ.”

“ओलं आहे तोवर फिरव ना. चुन्याचं आम्ही तसंच करायचो.”

“चुन्याखाली दगडी भिंत होती ना. हे आत्ता डळमळीत आहे, परत फिरवलं तर सुटून येईल.”

त्यांनी मान डोलावली आणि पुढे टॉर्च सरकवला. थोड्या वेळाने तेच मला बजावू लागले, “परत नको गं जाऊस तिथे, वाळू दे.” पंख्याच्या वाटीजवळ एका जागी दाण्यांचा छोटा पुंजका खरंच लोंबकळत होता. त्याला हात लावला नाही. वाळताना तो आपसूक वर ओढला गेला आणि घट्ट बसला. कोऱ्या पॉपकॉर्नचं असंच असतं. ओलं असताना ते जेवढं नाजूक, वाळल्यावर तेवढंच चिवट, आणि आपण फक्त मधल्या वेळात हात आवरायचा.

मान धरण्याची भीती सगळे घालतात. लांब दांडा असेल आणि आपण रोलरच्या थेट खाली न राहता दोन पावलं मागे उभं राहिलो तर नजर समोर-वर राहते, मान मागे मोडावी लागत नाही. चष्मा आणि टोपी मात्र हवीच.

तेलाने भिजलेली फडकी गोळा करून कोपऱ्यात टाकू नयेत. सुकताना तेल तापतं आणि फडक्यांचा ढीग आपोआप पेटू शकतो. मी ती बाहेर अंगणात काँक्रीटवर एकेक पसरून कडक वाळू दिली.

प्रायमर डब्यावर दिलेल्या वेळेपेक्षा जास्तच वाळू दिला, रात्रभर. सकाळी पुन्हा ओलं बोट टेकवलं. पाण्याचा थेंब दाण्यावर तसाच बसून राहिला. आता छत रंगाला तयार होतं.

रंग पूर्ण मॅट घ्यावा. जराही चमक असली की प्रत्येक दाण्याच्या कडेवर उजेड सांडतो आणि छत अधिकच खडबडीत दिसतं. मी घेतला तो लावताना फिकट गुलाबी असतो आणि वाळताना पांढरा होतो. पांढऱ्यावर पांढरा लावताना कुठे लागला आणि कुठे नाही ते समजत नाही, त्यावर हा फार कामाचा उपाय आहे. गुळगुळीत छतावर एक गॅलन रंग साधारण ३५० ते ४०० चौरस फूट जातो. आमची खोली १४ बाय २०, म्हणजे २८० चौरस फूट, पण दाण्यादाण्याची बाजू धरली तर रंगवायचं क्षेत्र कितीतरी जास्त. पॉपकॉर्नसाठी निदान दुप्पट रंग धरावा. मी ५ गॅलनची बादलीच आणली, दोन हातांत ती जवळपास संपली. बादलीत अडकवायची जाळी घेतली तर ट्रेची गरज राहत नाही, आणि सगळा रंग एकाच बादलीतला असल्यामुळे छटेत फरक पडत नाही.

पहिला हात प्रायमरच्या आडवा, दुसरा हात पहिल्याच्या आडवा. रोलर ज्या दिशेने जातो त्या बाजूचे दाणे भरतात, त्यांच्या पाठीमागच्या बाजू कोऱ्या राहतात. दिशा बदलली की त्या बाजू झाकल्या जातात. शेवटचा हात खिडकीतल्या उजेडाच्या दिशेने आला पाहिजे, म्हणजे पट्ट्या उठून दिसत नाहीत. हे आधीच उलटं मोजून ठरवायचं. कडा ब्रशने आधी, आणि त्या ओल्या आहेत तोवर रोलर जवळ आणायचा. प्रायमरखाली दाणे आता इतके पक्के होते की दुसऱ्या हाताला थोडा दाब दिला तरी एकही सुटला नाही. बाबांनी टॉर्च फिरवून शेवटची तपासणी केली आणि डाग कुठे होते ते त्यांना सापडेना, तेव्हा मला खरा आनंद झाला. भिंतीची टेप रंग पुरता वाळण्याआधी, छताच्या उलट दिशेने, तिरपी ओढत काढली.

खोली किती उजळली याची मला कल्पना नव्हती. खिडक्या तेवढ्याच, दिवे तेच, पण संध्याकाळी दिवा एक तास उशिरा लावला तरी चालतो. दाणे आता पांढऱ्या सावलीत मिसळून जातात. मला तो पोत आवडतो, आणि तो काढून टाकायची गरज मला आजही वाटत नाही. पुढे कुणाला खरवडायचं झालं तर मात्र ते अवघड जाईल, कारण रंग बसल्यावर पाणी आत मुरत नाही आणि थर सहज निघत नाही. त्यामुळे पुढे कधीतरी गुळगुळीत छत करायचं हे ज्यांचं नक्की आहे, त्यांनी आधी रंगवू नये.

वरचा पॅसेज आहे तसाच आहे. तिथे रोलर लावायचा नाही, ते काम परवानाधारक माणसांकडून फवारणीने थर बांधून घेऊनच करायचं ठरवलं आहे. तोवर तिथे खिळा नाही, हुक नाही, दिवाळीच्या माळा नाहीत, आणि मुलांनी पॅसेजमध्ये चेंडू खेळायचा नाही. प्रयोगशाळेचा अहवाल घराच्या कागदपत्रांत ठेवला आहे. त्याची एक प्रत ब्रेकर पॅनेलच्या दाराला आतून चिकटवली आहे, म्हणजे तिथला दिवा बदलायला येणारा इलेक्ट्रिशियन छताला हात लावण्याआधी ती वाचेल.